अरबी समुद्रातला क्षीरसागर

२५ जानेवारी १९९५ची रात्र. सोमालियाच्या किनाऱ्यापासून सुमारे दीडशे सागरी मैलांवर 'एस. एस. लिमा' नावाचं ब्रिटिश व्यापारी जहाज चाललं होतं. आभाळ स्वच्छ, चंद्राचा पत्ता नाही. अशा काळोखात क्षितिजावर एक पांढुरकी कड दिसू लागली. पंधरा मिनिटांत जहाज त्या पांढुरकेपणाच्या आत शिरलं आणि मग चारही दिशांना, नजर पोचेल तिथवर, दुधासारखा पांढरा समुद्र. लाटांचे माथे चमकत होते असं नव्हे, किंवा जहाजामागचा फेस उजळत होता असंही नव्हे. सगळं पाणीच एकसारखं, न लुकलुकता, उजेड देत होतं. बर्फाच्या मैदानावरून किंवा ढगांवरून घसरत चालल्यासारखं वाटतंय, अशा आशयाची नोंद जहाजाच्या वहीत झाली. त्या उजेडातून बाहेर पडायला लिमाला सहा तास लागले.

सहा तास! एखाद्या अद्भुतरम्य कादंबरीच्या लेखकानं असा समुद्र रचला असता तर आपण म्हटलं असतं, कल्पना छान आहे, पण थोडं अति होतंय. आणि खरोखर रचलाही आहे. १८७०च्या सुमाराला ज्यूल व्हर्ननं आपली 'नॉटिलस' पाणबुडी बंगालच्या उपसागरातल्या अशाच दुधाळ पाण्यातून नेली. गंमत म्हणजे त्याच्या प्रचंड कल्पनाशक्तीला इथे फारसं काम पडलं नाही. दर्यावर्दी हे आधीपासून सांगत होते. सांगत होते आणि ऐकणारे मान हलवून सोडून देत होते. महिनोन्‌महिने समुद्रावर काढलेला माणूस, त्यात रात्रपाळी, कदाचित जवळ बाटलीही असेल. त्याच्या बोलण्यावर किती विश्वास ठेवायचा?

आपल्याकडे तर क्षीरसागर आहेच. शेषशायी विष्णूचा, समुद्रमंथनाचा, वाटीभर दुधासाठी रडणाऱ्या उपमन्यूला शंकरानं देऊन टाकलेला. हे सगळं कुणीतरी अरबी समुद्रावर पाहिलेल्या रात्रीवरून सुचलं, असं म्हणायचा मोह मला फार होतो. पण पुरावा काही नाही, तेव्हा मोह आवरलेला बरा. मुळात जे पाण्यावर घडतं तेच इतकं विलक्षण आहे की त्याला पुराणाचा टेकू लागत नाही.

आधी एक घोटाळा दूर करायला हवा. कोकण किनाऱ्यावर थंडीच्या दिवसांत रात्री लाट फुटताना निळा प्रकाश दिसतो. जुहूपासून सिंधुदुर्गापर्यंत अनेकांनी तो पाहिलाय, मोबाइलवर त्याचे व्हिडिओ फिरतात. ओल्या वाळूवर पाय टाकला की पायाभोवती ठिणग्या उडतात. ती करामत बहुतेक वेळा नॉक्टिल्युका नावाच्या एकपेशीय जिवाची. हा जीव एकच पेशी असला तरी अर्ध्या मिलिमीटरपासून पुढे, म्हणजे नीट पाहिलं तर नुसत्या डोळ्यांना दिसेल एवढा. त्याला धक्का लागला की पेशीच्या पडद्यावरून विजेची लहर धावते, आतल्या सूक्ष्म कप्प्यांमध्ये आम्ल शिरतं, आणि तिथे तयार असलेली रसायनं पेट घेतात. सेकंदाच्या दहाव्या भागाच्या आत सगळा खेळ खलास. असं का करतो तो? बहुधा त्याला खायला आलेल्याला उघडं पाडण्यासाठी. 'चोर इथे आहे' असा उजेड पडला की चोराला खाणारा मोठा मासा धावून येतो.

म्हणजे नॉक्टिल्युकाचा नियम सोपा: हात लावाल तर चमकेन, नाहीतर अंधार.

दुधाळ समुद्राला हा नियम लागू होत नाही. तिथे कुणी हात लावावा लागत नाही. वारा पडलेला असो, पाणी निपचित असो, उजेड चालूच. शिवाय तो लुकलुकत नाही. रात्रभर, आणि दुसऱ्या रात्री, तिसऱ्या रात्रीही तेवढाच. धक्क्यावर चालणारा कुठलाही जीव हे करू शकणार नाही. सतत तेवत राहणं ज्यांना जमतं असे सागरी जीव फार थोडे, आणि त्यांत पहिला नंबर लागतो जिवाणूंचा. बॅक्टेरियांचा. नॉक्टिल्युकाच्या शेकडो पटींनी लहान, एका मिलिमीटरच्या लांबीत शेकड्यांनी मावतील असे.

या उजेडाला लागतं तरी काय? त्यातला एक घटक रॉबर्ट बॉइलनं १६६८ सालीच शोधला होता, जिवाणू वगैरे कुणाला ठाऊक नसताना. कुजकं लाकूड आणि शिळा मासा अंधारात मंद चमकतात हे लोकांना माहीत होतं. बॉइलनं असले तुकडे काचेच्या भांड्यात ठेवले आणि पंपानं हवा काढून घेतली. उजेड मावळला. हवा परत सोडली, उजेड परतला. म्हणजे हे चमकणं हवेवर जगत होतं! आज आपण सांगू शकतो की त्याला हवा होता तो ऑक्सिजन. ल्युसिफरेज नावाचं एक प्रथिन ऑक्सिजनच्या मदतीनं दोन रसायनांचं ज्वलन घडवतं, पण त्या ज्वलनातून भाजणारी उष्णता नव्हे, प्रकाश बाहेर पडतो. आच नसलेली आग.

आणि हा प्रकाश पांढरा नसतोच. तो निळसर-हिरवा असतो. मग खलाशांना दूध का दिसतं? कारण आपल्या डोळ्यात दोन खाती आहेत. रंग ओळखणाऱ्या शंकुपेशींना भरपूर उजेड लागतो. अंधुकात त्या काम थांबवतात आणि दंडपेशी पुढे येतात. या दंडपेशी अतिशय संवेदनशील, पण रंगांच्या बाबतीत पूर्ण अडाणी. समुद्राचा हा उजेड त्यांना जागं करण्यापुरता असतो, शंकुपेशींना उठवण्यापुरता नसतो. तेव्हा निळं-हिरवं पाणी आपल्या मेंदूत पोचेपर्यंत पांढरं होऊन जातं. समुद्राचं दूध होतं ते आपल्या डोळ्यात.

आता लिमाकडे परत येऊ, कारण तिच्या नोंदवहीनं पुढे जे घडवलं ते मला मूळ घटनेइतकंच थक्क करतं. अमेरिकेच्या नौदलाच्या संशोधन प्रयोगशाळेत स्टीव्हन मिलर नावाचा हवामानशास्त्रज्ञ उपग्रहांच्या चित्रांवर काम करत होता. सजीवांचा प्रकाश अवकाशातून दिसू शकेल का, असा प्रश्न निघाला. ऐकायलाच वेडगळ. पाण्यातल्या जंतूंचा उजेड आठशे किलोमीटर वरून? पण अमेरिकी हवाईदलाच्या हवामान उपग्रहांवर असा एक कॅमेरा होता जो चांदण्यात ढग पाहण्यासाठी बनवलेला, म्हणजे अंधुक उजेडाला सरावलेला. मिलरनं लिमाच्या नोंदीतली तारीख घेतली, दहा वर्षं जुनी साठवलेली चित्रं काढली आणि ती जागा शोधली.

तिथे एक फिकट डाग होता. त्यावर जहाजाचा मार्ग आखला तर लिमा जिथे उजेडात शिरली आणि जिथे बाहेर पडली त्या जागा डागाच्या कडांशी जुळल्या. पुढच्या दोन रात्रींच्या चित्रांतही तो डाग होता, समुद्राच्या प्रवाहाबरोबर थोडा थोडा सरकत. क्षेत्रफळ भरलं १५,४०० चौरस किलोमीटर. आख्खा नाशिक जिल्हा, त्र्यंबकेश्वरापासून येवल्यापर्यंत, तीन रात्री उजळून निघाला तर जेवढा दिसेल तेवढा! २००५ साली हे प्रसिद्ध झालं आणि शतकानुशतकं खोटारडे ठरलेल्या सगळ्या खलाशांना एका चित्रानं न्याय मिळाला. एवढ्या पाण्यात किती जिवाणू असतील याचा मिलर आणि सहकाऱ्यांनी हिशेबही केला. चारावर बावीस शून्यं. हा आकडा मी वाचून दाखवू शकतो, डोळ्यासमोर आणू शकत नाही.

पण थांबा. खरं कोडं इथेच सुरू होतं. समुद्राच्या पाण्यात हे जिवाणू जवळपास सगळीकडे असतात. मग सगळा समुद्र सगळ्या रात्री का उजळत नाही?

कारण एकटा जिवाणू चमकतच नाही.

याचा शोध लागला तो समुद्रावर नव्हे, प्रयोगशाळेतल्या चंबूत. १९७०च्या आसपास हार्वर्ड विद्यापीठात केनेथ नील्सन आणि वुडलँड हेस्टिंग्ज चमकणारे जिवाणू वाढवत होते. ताज्या रश्श्यात थोडे जिवाणू सोडले की ते लगेच वाढायला लागायचे, दुपटीनं, चौपटीनं, पण चंबू अंधारातच. तासन्‌तास अंधार. आणि मग गर्दी एका मर्यादेपुढे गेली की एकदम दिवे लागायचे. हे पाहून त्यांनी एक चतुर गोष्ट केली. गर्दी झालेल्या चंबूतले जिवाणू गाळून काढून टाकले, नुसतं पाणी उरवलं, आणि ते विरळ जिवाणूंच्या चंबूत ओतलं. विरळ असूनही ते वेळेआधी चमकू लागले! म्हणजे त्या पाण्यात काहीतरी होतं, जिवाणूंनी सोडलेलं, जे सांगत होतं की आपण आता पुष्कळ आहोत.

गृहनिर्माण सोसायटीच्या सभेचा अनुभव असेल तर हे चटकन कळेल. सेक्रेटरी खुर्च्या मांडून बसलेला असतो, पण कोरम भरेपर्यंत कामकाज सुरू होत नाही. येणारा प्रत्येक सभासद हजेरीपटावर सही करतो, सह्या पुरेशा झाल्या की सभा सुरू. प्रत्येक जिवाणू सतत एका रसायनाचे थोडे थोडे रेणू पाण्यात सोडत असतो, हीच त्याची सही. आजूबाजूला कुणी नसेल तर ते रेणू वाहून जातात. गर्दी असेल तर ते साचतात, परत पेशीत शिरतात आणि उजेडाच्या जनुकांचं बटण दाबतात. शास्त्रज्ञांनीही या प्रकाराला नाव दिलंय ते 'कोरम सेन्सिंग'. सोसायटीच्या सभेशी फरक एवढाच की इथे कोरम भरला की प्रत्येक जण कामाला लागतो.

ज्याला मेंदू नाही, मज्जातंतू नाही, डोळा नाही, असा जीव मोजतो! आणि मोजून निर्णय घेतो. एकट्याचा उजेड कुणाला दिसणार नाही, मग शक्ती कशाला घालवा? आधी हे फक्त या समुद्री जिवाणूंचं खूळ वाटलं होतं. पुढे कळलं की जिवाणूंच्या जगात हा सर्रास चालणारा व्यवहार आहे. कॉलऱ्याचा जंतूसुद्धा आपली संख्या जोखत असतो. प्रिन्स्टनच्या बॉनी बॅसलर यांनी ज्या जिवाणूवर काम करून हे जग उलगडलं तो म्हणजे व्हिब्रिओ हार्वेई. त्यांना आढळलं की तो दोन प्रकारच्या सह्या वाचतो: एक आपल्या जातवाल्यांची, दुसरी परक्या जातींचीही. घरचे किती आणि बाहेरचे किती, दोन्ही हिशेब वेगवेगळे.

हाच व्हिब्रिओ हार्वेई दुधाळ समुद्रातही सापडला आहे. १९८५ साली अमेरिकी नौदलाचं 'विल्क्स' हे जहाज अरबी समुद्रात, येमेनच्या सोकोट्रा बेटाजवळ, नशिबानं अशा पाण्यात शिरलं. जहाजावर डेव्हिड लपोटा आणि त्यांचे सहकारी होते, उपकरणांसकट. त्यांनी पाणी उपसलं आणि पाहिलं. जिवाणू मोकळे तरंगत नव्हते, ते फिओसिस्टिस नावाच्या शेवाळाच्या बुळबुळीत गोळ्यांवर वस्ती करून होते. उघड्या समुद्रात कोरम कसा भरतो, या प्रश्नाचं निदान अर्धं उत्तर तरी यात आहे. अथांग पाण्यात सह्या वाहून जातील, पण बुळबुळीत पृष्ठभागावर दाटीवाटीनं राहिलं तर साचतील. शेवाळ मरायला लागलं की जिवाणूंना खायला सुकाळ, सुकाळात गर्दी, गर्दीत उजेड.

बरं, एवढा उजेड पाडून जिवाणूंना मिळतं काय? नॉक्टिल्युकाला आपला जीव वाचवायचा असतो. जिवाणूंचं बहुधा नेमकं उलटं आहे. त्यांना कुणीतरी आपल्याला खावं असं वाटतं! माशाचं आतडं म्हणजे उबदार, अन्नानं भरलेली जागा, उघड्या समुद्राच्या मानानं स्वर्गच. इस्राएलमधल्या शास्त्रज्ञांनी २०१२ साली याची परीक्षा घेतली. चमकणारे जिवाणू खाल्लेल्या इवल्याशा कोळंबीसारख्या जिवांचं पोटच चमकू लागलं. अंधारात माशांनी हे चमकते जीव भराभर टिपले, न चमकणाऱ्यांकडे ढुंकून पाहिलं नाही. जिवाणू मात्र माशाच्या पोटातूनही सुखरूप बाहेर आले, आणि माशांची विष्ठासुद्धा चमकत होती. जेवणाची पाटी स्वतःच पेटवून ठेवायची आणि गिऱ्हाइकाच्या पोटात बसून फुकट प्रवास करायचा. सोमालियाजवळचा तो नाशिक जिल्ह्याएवढा उजेड हे माशांना दिलेलं निमंत्रण असेल, तर त्याहून मोठी जाहिरात पृथ्वीवर कुणी केलेली नाही.

या जातीच्या उजेडाला कामावर ठेवणारेही आहेत. हवाई बेटांजवळ अंगठ्याएवढी एक माकूल राहते. जन्मतः तिच्या अंगात जिवाणू नसतात. आजूबाजूच्या पाण्यातून ती एका विशिष्ट जातीचे वेचून घेते आणि पोटाखालच्या पिशवीत पाळते. रात्री वरून चांदणं आलं की खालून पाहणाऱ्या शिकाऱ्याला तिची काळी सावली दिसायला हवी, पण ती पोटाखालून तेवढाच उजेड टाकते आणि सावली पुसून टाकते. पहाट झाली की पिशवीतले बहुतेक जिवाणू बाहेर फेकते. संध्याकाळपर्यंत उरलेले पुन्हा वाढतात, कोरम भरतो, दिवे लागतात. रोज!

पण माकुलीच्या पिशवीत हे ठीक आहे. समुद्रावर हे किती मोठं होऊ शकतं? २०११ पासून पुढच्या उपग्रहांवर आणखी तरबेज रात्रकॅमेरे आले आणि २०१९च्या जुलै ते सप्टेंबरमध्ये त्यांनी जावा बेटाच्या दक्षिणेला जे टिपलं त्यापुढे लिमाचा डाग किरकोळ वाटावा. एक लाख चौरस किलोमीटरांहून मोठं क्षेत्र, म्हणजे महाराष्ट्राचा तिसरा हिस्सा, आणि किमान पंचेचाळीस रात्री. अवकाशातून दिसलं, अभ्यास २०२१ साली छापून आला. पण पाण्यावर तेव्हा कुणी होतं का?

होतं. जगप्रदक्षिणेला निघालेली सोळा मीटरची एक शिडाची नौका २ ऑगस्ट २०१९च्या रात्री बरोबर त्या पाण्यातून गेली होती. नौकेचं नाव 'गणेशा'. (विघ्नहर्त्यानं आपल्या नावाची नौका बरोबर जागी पाठवली, असं कुणी म्हणालं तर मी वाद घालणार नाही.) लेख प्रसिद्ध झाल्यावर खलाशांनी मिलर यांच्याशी संपर्क साधला, आणि त्यांच्याकडे होते दुधाळ समुद्राचे पाण्यावरून काढलेले पहिले फोटो, साध्या मोबाइलवर आणि छोट्या कॅमेऱ्यावर काढलेले. उजेड वरच्या पातळ सायीतून नव्हे, दहाएक मीटर खोलीतून येतोय असं नौकेच्या कप्तानाला वाटलं होतं. आजवरची समजूत होती की चमकतो तो फक्त पृष्ठभागावरचा थर.

आणि त्यांनी आणखी एक फार साधी, फार शहाणी गोष्ट केली होती. बादली सोडून पाणी वर घेतलं. बादलीत उजेडाचे स्थिर ठिपके दिसत होते. मग पाणी ढवळलं. ठिपके विझले! आपल्या कोकणातल्या लाटेच्या नेमकं उलटं. तिथे ढवळलं की पेटतं, इथे ढवळलं की मावळतं. ठिपके म्हणजे शेवाळाचे गोळे, आणि ढवळल्यानं वस्ती उधळली, असं म्हणता येईल. पण म्हणणं आणि सूक्ष्मदर्शकाखाली पाहणं यात अंतर आहे.

हे सगळं आपल्या फार जवळ घडतंय. दुधाळ समुद्राच्या बहुतेक नोंदी दोन ठिकाणच्या: वायव्य हिंदी महासागर, म्हणजे सोमालिया-येमेनकडचा आपला अरबी समुद्र, आणि इंडोनेशियाच्या आसपासचं पाणी. जूनमध्ये सोमालियाजवळून जो जोरकस वारा सुटतो, जो पुढे सह्याद्रीवर येऊन पाऊस पाडतो, तोच तिथलं वरचं पाणी बाजूला ढकलतो. खालचं गार, खनिजांनी भरलेलं पाणी वर येतं, त्यावर शेवाळ माजतं आणि जिवाणूंच्या जेवणाची तयारी होते. आपल्या भातखाचरात पाणी साठवणारा वारा आणि समुद्रात दिवे लावणारा वारा एकच.

२०२५ साली कोलोरॅडो स्टेट विद्यापीठातल्या जस्टिन हडसन आणि मिलर यांनी गेल्या चारशे वर्षांतल्या खलाशांच्या नोंदी आणि उपग्रहांची चित्रं एकत्र केली. त्यातून दिसलं की या उजेडाचा संबंध एल निनोशी आणि इंडियन ओशन डायपोलशी दिसतो, त्याच डायपोलशी ज्याचं नाव दर मे महिन्यात हवामानखात्याच्या अंदाजात ऐकून आपला शेतकरी कान टवकारतो. म्हणजे कुठल्या वर्षी, कुठल्या महिन्यात, कुठे पाहायचं याचा अंदाज आता बांधता येऊ लागला आहे. उपग्रह रोज रात्री वरून जातोच.

उणीव आहे ती पाण्याच्या बाटलीची. १९८५ नंतर अशा पाण्यात संशोधनाचं एकही जहाज शिरलेलं नाही. गोव्यात दोना पावलाला राष्ट्रीय समुद्रविज्ञान संस्था आहे, तिच्याकडे 'सिंधू साधना' हे जहाज आहे, आणि तिथून सोकोट्रा आठवड्याच्या आत गाठता येतं. पंचेचाळीस रात्री टिकणाऱ्या उजेडासाठी तेवढा वेळ पुरे. उपग्रहाच्या चित्रात डाग दिसला की दोर सोडायचे, आणि पोचल्यावर हरेक खोलीचं पाणी भरून घ्यायचं. माझ्यासारख्यांनी एक बादली हातात धरून डेकवर थांबायला काहीच हरकत नसावी.